कुणाच्याही हातचं खाणारं पिल्लू

कुत्रं पाळणारा माणूस त्याला सगळ्यात आधी एकच गोष्ट शिकवतो, परक्याच्या हातचं खायचं नाही. आमचे शेजारी मेश्राम काकाजी हे मी पाहिलेले एकमेव गृहस्थ, ज्यांनी आपल्या पिल्लाला याच्या बरोबर उलट शिकवायचा ध्यास घेतला होता.

एका सकाळी मी शाळेत जायच्या घाईत होते. मी नवेगाव बांधच्या शाळेत शिकवते, आणि सकाळी माझ्या दारात कोणी आलेलं मला खपत नाही. फाटकाशी काकाजी उभे. एका हातात भाताची ताटली, काखेत काळं पिल्लू.

"मॅडम, हिले जरा खाऊ घाला ना."

"काकाजी, भात तुमचा, पिल्लू तुमचं, मग हात माझा कायले?"

"हात तुमचाच पायजे. मी तिकडं तोंड करून उभा राहतो."

आणि खरोखरच ते आमच्या कडुलिंबाच्या झाडाआड जाऊन पाठमोरे उभे राहिले. पिल्लू ताटली सोडून झाडाकडे पळालं, तसे काकाजी पलीकडच्या बाजूला सरकले. पिल्लू तिकडून गेलं, काकाजी इकडून आले. साठी ओलांडलेला माणूस बोटभर शेपटीच्या जनावरापासून लपत झाडाभोवती फिरतोय, हे बघून माझी पाच वर्षांची मिनू हसून हसून पायरीवर आडवी झाली. शेवटी पिल्लू कंटाळून परत आलं आणि माझ्या हातचे दोन घास त्यानं खाल्ले.

"खाल्लं का?" झाडामागून आवाज आला.

"खाल्लं."

"मंग उद्या पुन्हा येतो जी," म्हणाले आणि निघून गेले. त्या दिवशी शाळेत मला उशीर झाला.

काकाजी जन्मभर एसटीच्या लाल गाडीवर कंडक्टर होते. निवृत्त झाल्यावर त्यांनी आमच्या शेजारी दोन खोल्यांचं घर बांधलं. नोकरी सुटली तरी कंडक्टरकी सुटली नव्हती. लग्नाच्या पंगतीत ते "पुढं सरका, मागं जागा हाय" म्हणत फिरायचे. कोणी फार वेळ रेंगाळून बोलत बसलं तर "चला, डबल बेल" म्हणून सरळ उठवायचे. पिल्लूही त्यांना बसमध्येच भेटलं होतं. कोहमाऱ्याच्या स्टँडवर ते कुठून तरी सीटखाली शिरलं, आणि मादी आहे म्हटल्यावर गाडीतलं कोणी हात लावीना. काकाजी ते घेऊन घरी आले. "बिनातिकिटाचा पॅसेंजर होता, उतरवून घेतला," एवढंच सांगायचे.

त्यांनी तिला नाव ठेवलं नाही. मिनू तिला पिंकी म्हणायची, चहाच्या टपरीवाला काळी म्हणायचा, किराणावाले शेठ रानी म्हणायचे, आणि ती तिन्ही नावांना शेपूट हलवायची. सकाळचं जेवण आमच्याकडे, दुपारचं टपरीवर, संध्याकाळचं शेठच्या दुकानापुढे. प्रत्येक ठिकाणी ताटली काकाजींचीच. शेठ वैतागून म्हणायचे, "मेश्रामजी, ये कुत्ता आपका है कि पंचायत का?"

"पंचायतीचाच समजा जी."

"उद्या चोर आला तर त्यालाही ही दारापर्यंत सोडायला जाईल," मी एकदा म्हटलं.

"जाऊ द्या. माझ्या घरात येऊन चोरालेच काहीतरी ठेवून जा लागन."

पिल्लू आणि मूल यांत काकाजी काही फरक करत नसत. त्यामुळे पिल्लाचे धडे चालू असताना मला फुकट उपदेश मिळायचा. मिनू त्या वेळी फक्त माझ्याच हातचं जेवायची. चिऊचा घास, काऊचा घास करत अर्धा तास जायचा. काकाजी कुंपणापलीकडून बघायचे.

"मॅडम, ही पोरगी आपल्या लग्नात बी तुमालेच भरवाले लावन. सवय मोडा. आपल्यावाचून अडलं नाही पायजे."

"पोर आणि पिल्लू सारखं नसतं, काकाजी."

"सारखंच असते. दोघंही अंथरूण ओलं करतात आन मंग आपल्याकडंच असे पाहतात का जसं आपणच केलं."

"आपल्यावाचून अडलं नाही पायजे" हे त्यांचं पालुपद होतं. आपली दोन्ही मुलं त्यांनी याच एका वाक्यावर वाढवली. मुलगा चौथीत होता तेव्हाची गोष्ट ते फार अभिमानाने सांगत. त्याला एकट्याने गोंदियाला आत्याकडे जाता आलं पाहिजे, म्हणून त्यांनी त्याला आपल्याच गाडीत बसवलं, पण ओळख दाखवली नाही. इतरांसारखं त्यालाही विचारलं, "कुठं जायचं?" पोराने रडत रडत अर्धं तिकीट घेतलं. गोंदियाला उतरून तो विचारत विचारत आत्याच्या घरी पोचला. आता तो बंगळुरात मोठ्या नोकरीवर आहे आणि मुलगी पुण्यात. "दोघायचं माझ्यावाचून काहीच अडत नाही," काकाजी सांगायचे. हे सांगून झालं की ते लगेच दुसराच विषय काढत.

मला हा माणूस तेव्हा थोडा कोरडाच वाटायचा.

मग एक दिवस त्यांना गोंदियाला जायचं होतं. कशासाठी ते सांगितलं नाही. पिल्लू आमच्याकडे ठेवून गेले. पहिल्यांदाच ते दिवसभर गावात नव्हते. आणि इतके दिवस तीन ठिकाणी जेवणाऱ्या त्या पोरीने त्या दिवशी अन्नाला तोंड लावलं नाही. आमच्या फाटकाच्या फटीत नाक खुपसून रस्त्याकडे बघत बसली. मिनूने दूध दिलं, टपरीवाल्याने बिस्कीट आणलं, शेठसुद्धा "रानी, रानी" करत येऊन गेले. ती जागची हलली नाही. झाडाआड का होईना, काकाजी जवळपास आहेत हे तिला रोज कळत होतं, हे आमच्या तेव्हा लक्षात आलं.

संध्याकाळच्या गाडीने काकाजी आले. पिल्लू त्यांच्या अंगावर झेपावलं. मी हसत म्हटलं, "घ्या काकाजी, तुमचा अभ्यास वाया गेला. पोरीने दिवसभर पाणीसुद्धा घेतलं नाही."

दुसरा कोणी असता तर सुखावला असता. काकाजींचा चेहरा पडला. ते आमच्या पायरीवर बसले आणि तिला हाताने दूर करू लागले. ती पुन्हा पुन्हा मांडीवर चढत होती.

"काहीच नाही खाल्लं?"

"काहीच नाही."

"मंग कसं होईन," ते म्हणाले. असा घाबरलेला आवाज मी त्यांच्या तोंडून कधी ऐकला नव्हता.

त्या संध्याकाळी त्यांनी मला सांगितलं. त्यांच्या बायकोने, म्हणजे काकीने, एक कुत्रा पाळला होता. तो फक्त तिच्याच हातचं खायचा, आणि काकीला त्याचं फार कौतुक होतं. काकी वारली. कुत्रा तिच्या खाटेखाली जाऊन बसला तो बसलाच. काकाजींनी भात दिला, दूध दिलं, कोंबडीचं मटण करून दिलं. शेवटी काकीचं लुगडं अंगावर घेऊन, पदर डोक्यावरून ओढून ते त्याच्यापुढे बसले.

"लुगड्याचा वास आला तसा उठला जी. शेपटी हलवली. माझ्याजवळ आला. मंग वर तोंड करून माझ्याकडं पाह्यलं, आन परत खाटेखाली जाऊन बसला." त्यांनी पिल्लाच्या पाठीवर हात ठेवला. "तो तसाच गेला. म्या पाह्यलं हाय ते. आता मले नागपूरले जायचं हाय, गोंदियाच्या डाक्टरनं छातीचं ऑपरेशन सांगितलं. परत आलो तर आलो. नाही आलो तर हिनं कोनाच्या खाटेखाली बसावं?"

हसत सांगितलेलं ते वाक्य परत घेता आलं असतं तर बरं, असं फार वाटलं.

दुसऱ्या दिवसापासून काकाजी झाडाआडही येईनासे झाले. पिल्लू आमच्याकडेच ठेवलं. ती त्यांच्या दाराशी जाऊन ओरडायची, तर ते आतून कडी लावून घ्यायचे. एकदा मी साखर मागायला गेले, तर दार बंद आणि हा माणूस खिडकीच्या फळीच्या फटीला डोळा लावून उभा. बाहेर ती पायरीवर कुईकुई करत होती. "जा ना वं, माय," ते आतल्या आत पुटपुटत होते, "जा ना तिकडं. जेव ना." मी साखर न मागताच परत आले. त्या दुपारी मिनूने स्वतःच्या ताटातला भात तिच्यापुढे धरला. तिने दोन घास खाल्ले, आणि दोन घास मिनूने स्वतःच्या हाताने खाल्ले. मी काही बोलले नाही, बोलले असते तर दोघीही थांबल्या असत्या.

काकाजी नागपूरला गेले तोवर ती सगळ्यांच्या हातचं जेवू लागली होती. मुलाने दवाखान्याची सगळी व्यवस्था फोनवरून केली होती, आणि काकाजींनी दोन्ही मुलांना बजावलं होतं, सुट्ट्या वाया घालवू नका. तरी मुलगी आलीच. ऑपरेशन झाल्यावर तिनेच फोन लावून दिला. "बाबांना तुमच्याशी बोलायचंय. मी इथं बसलेय, तर मला बाहेर जा म्हणताहेत," ती म्हणाली.

काकाजींचा आवाज अगदी खोल गेला होता. तब्येतीचं मी विचारलं, ते त्यांनी ऐकलंच नाही.

"जेवते का?"

"जेवते, काकाजी. दूधभात सगळा संपवते."

"कोनाच्या हातचं?"

"माझ्या, मिनूच्या, टपरीवर, शेठकडे. कोणाच्याही."

"फाटकात बसते का?"

मी अंगणात पाहिलं. मिनूच्या फ्रॉकचं टोक दातात धरून ती तिला ओढत होती. फाटकाकडे तिचं लक्षही नव्हतं. बसते, म्हणावं असं माझ्या अगदी ओठावर आलं. पडल्या पडल्या त्या माणसाला तेवढंच बरं वाटलं असतं. पण मग त्याला घोरही लागला असता.

"नाही, काकाजी," मी म्हटलं. "गेल्या चार दिवसांत एकदाही नाही."

"बरं झालं," ते म्हणाले. "लय बरं झालं."

मग फक्त श्वास ऐकू येत होता. मी हाक मारणार, तेवढ्यात ते म्हणाले,

"बाई, जरा तिच्या कानाजवळ फोन धरता का?"

मी धावत अंगणात गेले. तिला उचललं, फोन तिच्या कानाला लावणार, तोच पलीकडून घाईघाईचा आवाज आला.

"नको, नको. राहू द्या जी. आवाज ऐकन, आन मले शोधत बसन."