मिनिटाच्या जागी चांदणी

सासऱ्यांच्या थेंबांसाठी घड्याळाचा गजर लावायचा नाही, असं मी ठरवलं आणि तिथेच घोळ झाला.

त्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं होतं आणि दोघं सासू-सासरे आमच्याकडे राहायला आले होते. दहा, दोन आणि सहा वाजता थेंब घालायचे, डोळ्याशी खेळ नको, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. बायकोची रजा संपत आली होती. सासूबाई थेंब घालायला तयार होत्या, पण घड्याळाशी त्यांचं कधी जमलंच नाही. "अहो, वेळेचं तेवढं तुम्ही बघा," बायको म्हणाली. (लग्नानंतर तिने माझ्यावर सोपवलेलं हे पहिलं काम. छाती फुगणारच.)

त्याच सुमारास ऑफिसात मी एक चमत्कार बघितला होता. स्कॅन केलेल्या फायलींचा हा ढीग, त्यांची नावं एकेक करून बदलण्यात माझा आठवडा गेला होता. आमचा कॉम्प्युटरवाला आला, काळ्या खिडकीत एक ओळ लिहिली, एंटर मारलं, आणि पापणी लवायच्या आत उरलेली सगळी नावं बदलली. माझ्या अंगावर काटा आला.

"याला शेल स्क्रिप्ट म्हणतात," तो चहा पीत म्हणाला. "रोजची कटकटीची कामं तिला सांगायची आणि मोकळं व्हायचं."

मी त्या ओळीला हात जोडले. (तो गेल्यावर.)

त्याच्याकडूनच शिकून मी घरचा कॉम्प्युटर बोलता केला. कोणतं वाक्य कधी बोलायचं, ते एका ओळीत लिहायचं असतं. ओळीच्या सुरुवातीला मिनिट, तास, तारीख, महिना, वार अशा पाच जागा. ठरावीक काही नसेल तिथे चांदणीची खूण (*) टाकायची, असं त्याने सांगितलं होतं. तासाच्या जागी मी तिन्ही वेळा लिहिल्या. तारीख, महिना, वार यांना चांदण्या. मिनिटाशी मात्र अडलो. थेंबच घालायचे आहेत, एखादं मिनिट इकडेतिकडे झालं तर काय बिघडतं? आपल्याला कुठे विमान उडवायचंय? तिथेही चांदणी टाकली.

सकाळी ऑफिसला निघण्यापूर्वी घरच्यांसमोर त्याला एकदा बोलायला लावून बघितलं. "बाबा, डोळ्यात थेंब घालायची वेळ झाली," कॉम्प्युटर जड आवाजात म्हणाला. सासरे रिटायर्ड हेडमास्तर. ते खुर्चीत ताठ बसले. सासूबाई गॅस बंद करून बाहेर आल्या.

"जावईबापू, हे तुम्ही केलंत?" सासऱ्यांनी विचारलं. माझ्याशी इतक्या आदराने ते पहिल्यांदाच बोलत होते. मी तरंगत ऑफिसला गेलो.

साडेदहाला घरी फोन केला. "काय आई, झाली का आठवण?"

"बोलायला उसंत नाही हो," सासूबाई धापा टाकत होत्या. "पुन्हा हाक आली."

"वेळेवर बोलतोय ना?"

"एक मिनिट चुकत नाही!"

मी कृतार्थ होऊन फोन ठेवला आणि कॉम्प्युटरवाल्याला समोसा खिलवला.

अकरा वाजून गेले आणि बायकोचा फोन आला. "अहो, आई नवी बाटली मागतेय. महिन्याची बाटली एका सकाळी संपली कशी?"

मिनिटाच्या जागीही चांदणी टाकल्याचं मी कॉम्प्युटरवाल्याला सांगितलं. त्याने समोसा खाली ठेवला. "चांदणी म्हणजे कधीही नव्हे हो. चांदणी म्हणजे प्रत्येक. दहाच्या तासात ते साठ वेळा बोललं असेल."

सासऱ्यांचा डोळा माझ्यामुळे गेला, दुसरं काही सुचेना. रिक्षा करून घर गाठलं. बायकोही पोचली होती, आणि ती माझ्याकडे बघत नव्हती. आम्ही सगळे तसेच दवाखान्यात गेलो.

डॉक्टरांनी बराच वेळ डोळा तपासला. "नशीब तुमचं. हे नुसते ओलाव्याचे थेंब होते, डोळा उत्तम आहे. पण मास्तर, दर मिनिटाला थेंब? शंका नाही आली?"

"जावयांनी सांगितलं असतं तर आली असती," सासरे शांतपणे म्हणाले. "सांगणारा कॉम्प्युटर होता."

घरी आल्यावर बायकोच्या देखरेखीखाली मी मिनिटाच्या जागी शून्य लिहिलं. मग तिने मला उठवलं आणि खाली स्वतः एक ओळ वाढवली. माझंच बघून शिकली होती.

दुसऱ्या दिवशी सहा वाजता कॉम्प्युटरने सासऱ्यांना थेंबांची आठवण करून दिली. थोड्या वेळाने मी घरात पाऊल टाकलं आणि तोच जड आवाज म्हणाला, "जावईबापूंची यायची वेळ झाली. कॉम्प्युटर झाकून ठेवा."

सासूबाई लगबगीने चादर घेऊन आल्या. काय ती अचूक वेळ! खोटं कशाला सांगू, चादरीचं दुसरं टोक मीच धरलं.