देवानं पेरलेली तंबाखू

सदूभाऊंच्या दारात बिडी ओढायची सोय नव्हती. ते ती तुमच्या तोंडातून काढून घेत, सरळ चुलीत टाकत आणि पळसाच्या पानाची स्वतः वळलेली चोंगी हातात ठेवत. मार्कंडा देवस्थानाजवळच्या त्या गावात मी मास्तर म्हणून नवा आलो, तेव्हा माझी बिडी अशीच गेली. नाव त्यांनी नंतर विचारलं.

"दुकानात कोन काय भरते, कोनाले मालूम? हे देवानं पेरलं हाये, मास्तर!"

देवानं पेरलेली म्हणजे वैनगंगेच्या रेतीत आपोआप उगवणारी रानतंबाखू. सदूभाऊ ढिवर. मासे धरायला जात, पण टोपलीत मासे कमी आणि पानंच जास्त. अर्ध्या छपरावर ती वाळत घातलेली. दोन झुरक्यांत माझं डोकं गरगरलं. "फार कडू आहे हो," म्हटलं, तर गडी खूश!

"कडूच पाह्यजे!"

खोकला त्यांना कायमचाच. त्याला ते म्हणत, "धूर बाहेर निंगून राह्यला."

शिवरात्रीच्या जत्रेच्या दिवसांत त्यांच्या बायकोची, गंगाबाईंची दाढ ठणकू लागली. सदूभाऊंनी मोठ्या मायेनं जाड चोंगी वळून दिली. गंगाबाईंनी ती सगळी ओढली. थोड्याच वेळात दरदरून घाम, उलट्या, हातपाय थरथरायला लागले आणि त्या अंगणातच कोसळल्या. बाजेवर घालून आम्ही त्यांना जत्रेतल्या दवाखान्याच्या तंबूत नेलं. वाटभर सदूभाऊंचं एकच, "गंगे, बोल नं वं. काऊन नाई बोलत?"

संध्याकाळी गंगाबाईंनी पाणी मागितलं, तेव्हा कुठे डॉक्टर सदूभाऊंकडे वळले.

"रानातली झाली तरी तंबाखूच ती. कोणत्या पानात किती विष, तुम्हालाही कळायचं नाही. आणि तुमची छाती या धुरानं पोखरलीय. आजच सोडा."

सदूभाऊंनी घरी येऊन छप्पर रिकामं केलं. चोंगीला पुन्हा हात लावला नाही. छाती मात्र सुधारली नाही.

उन्हाळ्यात एका सकाळी नदीवर गेलो, तर उपड्या घातलेल्या मासेमारीच्या डोंग्याआड ते वाकून खोकत होते. बराच वेळ. मला पाहून तोंड पुसलं.

"घरी खोकललो का तिचं जेवन सुटते. म्हून इथी येतो. सांगू नोका, मास्तर."

परतताना गंगाबाई दारात तांदूळ पाखडत होत्या.

"मास्तर, त्याईचा खोकला गेल्यावानी वाटते, नाई?"

"हो. गेल्यासारखाच."

त्या खाली मान घालून पाखडत राहिल्या. मग हळूच म्हणाल्या, "त्या डोंग्यापाशी सावली नाई. त्याईले म्हना, आंब्याखाली बसत जा."