पिवळ्या रेनकोटातली बायको

जंगलाविषयी मला कुणी काही नवीन सांगेल, अशी शक्यता आता फार कमी राहिली आहे. वर्षावनातली झाडं, त्यांवर वाढणारी बांडगुळं, बांडगुळांवर वाढणारं शेवाळ, या सगळ्यांवर मी इतकं वाचलं आहे की मला गाईडची गरज नाही. असं मी लेकीला फोनवर ठणकावून सांगितलं. म्हणजे, माझ्या मते ठणकावून. ती म्हणाली, "बाबा, जरा मोठ्याने बोला, काही ऐकू येत नाहीये."

लेकीने आम्हा दोघांसाठी एका दिवसाची सहल ठरवली होती. सकाळी जंगल, दुपारी समुद्रकिनारा, मग तळं, संध्याकाळी घरपोच. छोटा गट, फक्त आठ माणसं, 'घरच्यासारखं वातावरण'. घरच्यासारख्या वातावरणासाठी घर सोडून का जायचं, हे मला कळलं नाही. पण विचारायचा धीर झाला नाही, कारण आमची ही समोर उभी होती आणि तिच्या हातात माझे बूट होते.

"तळ्यात होड्या आहेत," ती म्हणाली. "दोघांच्या."

या होडीला मोठा इतिहास आहे. लग्न झालं त्या वर्षी मी हिला होडीत बसवायचं कबूल केलं होतं. त्यानंतर आम्ही अनेक पाण्यांच्या काठी गेलो, पण प्रत्येक ठिकाणी माझं हातातल्या पुस्तकाचं एक प्रकरण संपायचं बाकी असे आणि ते संपेपर्यंत होडीवाला घरी गेलेला असे.

"या वेळी पुस्तक नाही," ती म्हणाली. "होडीत माझ्यासमोर बसायचं आणि माझ्याकडे बघायचं. नाही जमलं तर इथून पुढे मी बहिणीबरोबर फिरेन. तुम्ही घरी बसून वाचा."

खरं तर हे वाक्य मी एरवी बक्षीस म्हणून घेतलं असतं. पण ती ते फार हळू आवाजात बोलली. ही मोठ्याने बोलते तेव्हा काळजीचं कारण नसतं.

"पुस्तक नाही," मी शब्द दिला.

आता मला समजून घ्या. मी एक रहस्यकथा वाचत होतो. जाडजूड, आणि ब्राऊन पेपरचं कव्हर घातलेली, म्हणजे येणाऱ्याजाणाऱ्याला तत्त्वज्ञान वाटावं. बंगल्यात एक म्हातारा मेला होता, सहा जणांवर संशय होता, आणि शेवटचं एकच प्रकरण उरलं होतं. अशा अवस्थेत माणूस खुनी मोकाट सोडून सहलीला जाऊ शकतो का? मी पुस्तक कोटाच्या आतल्या खिशात सारलं. वाचणार नव्हतोच. नुसतं जवळ असावं म्हणून.

जंगलाच्या तोंडाशी त्याच कंपनीच्या दोन पांढऱ्या व्हॅन उभ्या होत्या. दोन व्हॅन, दोन गाईड आणि सगळ्यांना सारखेच पिवळे रेनकोट, डोक्यावर नाकापर्यंत येणारी टोपी. ते घातल्यावर आम्ही सोळा जण कुणीतरी ओळीत मांडून ठेवलेल्या मोहरीच्या तेलाच्या बुधल्यांसारखे दिसू लागलो. जंगल दोन्ही गटांनी एकाच वेळी बघायचं, मग आमची गाडी आधी तळ्यावर जाणार आणि दुसरी आधी किनाऱ्यावर, म्हणजे गर्दी होणार नाही, अशी योजना होती.

आमच्या गाईडच्या गळ्यात शिट्टी होती. तो दर वळणावर ती फुंके, आमची डोकी मोजे आणि "आठ, पूर्ण!" असं ओरडे. मग पाठ केलेला विनोद सांगे. विनोदानंतर तो थांबत असे, आणि आम्ही हसल्याशिवाय पुढे सरकत नसे, त्यामुळे वाटेत जळवांनी आमचा बराच फायदा घेतला. एका प्रचंड झाडाखाली त्याने सगळ्यांना डोळे मिटून एक मिनिट जंगलाची शांतता ऐकायला सांगितली आणि ते पूर्ण मिनिट तो शांततेचं महत्त्व सांगत होता.

"हे झाड पाच हजार वर्षांचं आहे," तो म्हणाला.

इतकं नसावं, असं मला वाटलं. मी तोंड उघडलं. मग वाटलं, कदाचित असेलही, आपण काय ते पेरलं तेव्हा हजर होतो. मी तोंड मिटलं.

"काय म्हणत होतात?" हिने विचारलं.

"काही नाही. मोठं आहे झाड."

"वाचन कामी आलं तुमचं," ती म्हणाली.

परतताना पाऊस असा कोसळला की वाट दिसेना. शिट्ट्या वाजल्या, सगळे पिवळे पाठमोरे गाड्यांकडे धावले. माझ्या चष्म्यावर पाणी आणि वाफ दोन्ही चढलं होतं, म्हणून मी तो खिशात टाकला आणि समोरच्या पिवळ्या पाठीमागे गेलो. व्हॅनच्या शेवटच्या बाकावर खिडकीशी ही आधीच बसली होती, टोपी नाकापर्यंत ओढून, मान टेकवून. गाडीत बसलं की हिला झोप लागते, हे मला वर्षानुवर्षं ठाऊक आहे. मी शेजारी बसलो. दारातून शिट्टी वाजली, "आठ, पूर्ण!" आणि गाडी सुटली.

ही झोपलेली. पाऊस बाहेर. खिशात खुनी.

फक्त दोन पानं, असं मी स्वतःला बजावलं. जवळचं मला चष्म्याशिवायच नीट दिसतं. पुस्तक गुडघ्यांमध्ये धरून मी वाचू लागलो. डिटेक्टिव्हने सहाही जणांना दिवाणखान्यात बोलावलं होतं. तो शेकोटीपाशी उभा राहिला, त्याने एकेकाकडे रोखून पाहिलं, आणि शेजारून एक हात आला व पुस्तक अलगद उचलून घेऊन गेला.

"अगं, ऐक तर," मी कळवळून म्हणालो. "दोनच पानं—"

टोपी वर झाली. आत आमची ही नव्हती. करड्या, आखूड केसांची, धारदार नाकाची एक अनोळखी बाई माझ्याकडे बघत होती. माझं तोंड उघडं राहिलं ते राहिलंच.

"मागची दाढ कधी काढलीत?" तिने विचारलं.

"अं?"

"मी दातांची डॉक्टर आहे. तोंड मिटा आता. तुम्ही माझे मिस्टर नाही."

"नाही," मी म्हणालो. या एका मुद्द्यावर मला अजिबात शंका नव्हती.

"मग ते कुठे आहेत?"

चष्मा पुसून मी गाडीभर नजर फिरवली. सगळे चेहरे परके होते. गाईडसुद्धा वेगळा होता, शिट्टी तेवढी सारखी. आता मी उठून मोठ्याने "गाडी थांबवा" म्हणायला हवं होतं. माझी खात्री आहे, तुम्ही म्हणाला असता. पण सात अनोळखी माणसांसमोर असं ओरडायचं म्हणजे आधी घसा साफ करावा लागतो, वाक्य जुळवावं लागतं. मी वाक्य जुळवत असताना गाडीने दोन घाट ओलांडले.

शेवटी डॉक्टरीणबाईच गरजल्या. "गाईड, माझे मिस्टर गाडीत नाहीत. त्यांच्या जागी हे आहेत."

गाईडने मागे वळून बोटाने डोकी मोजली. "आठ आहेत, मॅडम."

"आठ आहेत हो, पण चुकीचे आठ आहेत."

"मला आठ दिले होते, माझ्याकडे आठ आहेत," तो दुखावल्या स्वरात म्हणाला. "आजवर माझा आकडा कधी चुकलेला नाही."

डॉक्टरीणबाईंनी नवऱ्याला फोन लावला. तो त्यांच्याच पर्समध्ये वाजला. "हरवतात म्हणून मीच ठेवते," त्या म्हणाल्या. माझाही फोन याच कारणासाठी हिच्या पर्समध्ये असतो. "बायकोचा नंबर सांगा," त्यांनी फर्मावलं. मी डोळे मिटून आठवून पाहिलं. मला शाळेतल्या कविता आठवल्या, लायब्ररीतला माझा सभासद क्रमांक आठवला. हिचा नंबर कधी पाठ करावा लागला नव्हता, कारण ही नेहमी शेजारीच असते.

किनाऱ्यावर पोचल्यावर गाईडच्या फोनला रेंज आली. त्याने दुसऱ्या गाईडला गाठलं. "तुझे किती? आठ? माझेपण आठ." फोन ठेवून तो आमच्याकडे वळला. "दोन्हीकडे बरोबर आहेत. काळजीचं कारण नाही. तळ्यावर ती गाडी भेटली तर बघू, पण आम्ही पोचेपर्यंत ते बहुतेक निघालेले असतात."

म्हणजे माझी बायको या क्षणी तळ्याकाठी होती आणि मी समुद्रावर. पाण्याच्या काठी दोघंही होतो, एवढंच समाधान. होडी तर गेलीच. ती एकटीच काठावर बसून दुसऱ्यांच्या होड्या बघत असेल, हे चित्र माझ्या डोळ्यांसमोर आलं आणि मला स्वतःची फार लाज वाटली. मग शेकोटीपाशी उभा असलेला डिटेक्टिव्ह आठवला आणि आणखी लाज वाटली.

"पुस्तक द्याल का?" मी डॉक्टरीणबाईंना विचारलं.

"नाही," त्या म्हणाल्या आणि वाळूत बसून पहिलं पान उघडलं.

समुद्र सुंदर असावा. आम्हाला बघायला वेळ नव्हता, कारण गाईडने सगळ्यांना हात धरून गोल उभं केलं होतं आणि तो आम्हाला मोकळेपणाने हसायला शिकवत होता. त्यानंतर फोटो. "काका, काकूंच्या खांद्यावर हात ठेवा. लाजता काय असे!"

मी हात डॉक्टरीणबाईंच्या खांद्याच्या दिशेने नेला आणि हवेतच ठेवला. त्या वाचतच होत्या. शेजारी एक नवविवाहित जोडपं होतं. त्यातली मुलगी कौतुकाने म्हणाली, "किती गोड! किती वर्षं झाली तुमच्या लग्नाला?"

"तासभर," डॉक्टरीणबाईंनी मान वर न करता सांगितलं.

तळ्याकडे जाताना मी हिला काय सांगायचं त्याची वाक्यं जुळवत होतो. पाऊस होता, चष्मा ओला होता, रेनकोट सारखे होते. सगळं खरं होतं आणि ऐकायला सगळं खोटं वाटत होतं. तळ्यावर ती दुसरी गाडी नसली तर निदान संध्याकाळपर्यंत वेळ मिळेल, अशी एक नीच आशाही मनात होती.

गाडी होती. काठावर आमचा मूळचा गाईड लालबुंद होऊन शिट्टी फुंकत होता. पार तळ्याच्या मध्यभागी एक होडी उभी होती. तिच्यात एक गोल चेहऱ्याचे गृहस्थ दोन्ही हात हवेत नाचवत काहीतरी सांगत होते, वल्ही पायाशी पडली होती, आणि त्यांच्यासमोर आमची ही बसली होती. पोट धरून हसत होती. इतकं ती माझ्या कुठल्याही वाक्यावर हसल्याचं मला आठवत नाही.

"ते माझे," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "बोलायला दोन्ही हात लागतात त्यांना. म्हणून आमची होडी कधीच परत येत नाही. बोलता बोलता कुणाच्या तरी मागे जाऊन बसले असतील तुमच्या गाडीत."

बऱ्याच वेळाने होडी काठाला लागली. ही उतरली. मी जुळवलेली सगळी वाक्यं तिथेच विरघळली.

"आलात?" ती म्हणाली.

"अगं, फार मोठा घोटाळा झाला. पाऊस इतका होता, आणि तो चष्मा... तुला कधी कळलं?"

"आमची गाडी सुटायच्या आधीच."

"आधीच? मग ओरडली का नाहीस?"

"ओरडणारच होते. समोरून तुमची गाडी निघाली, तिच्या मागच्या काचेतून दिसलात तुम्ही. शेजारी कोण बसलंय ते न बघता खिशातून पुस्तक काढत होतात." तिने रेनकोटची बटणं शांतपणे सोडली. "म्हटलं, जाऊ दे. ज्याच्याबरोबर सहलीला आलेत, त्याच्याबरोबर बसू देत."

डॉक्टरीणबाईंचे मिस्टर मदतीला धावले. "अहो, रागावू नका वहिनी, मी एकदा यापेक्षा मोठा घोटाळा केला होता, ऐका—"

"तोंड मिटा," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. आयुष्यभर लोकांना तोंड उघडायला सांगणाऱ्या त्या बाईने तेवढ्या दोन शब्दांत तळ्याकाठी जी शांतता पसरवली, ती आमच्या गाईडला जंगलात जमली नव्हती.

"होडी," मी म्हणालो. घसा साफ न करता.

"काय?"

"चल. होडीत."

दोन्ही गाईडांनी एकदम शिट्ट्या फुंकल्या. वेळ संपली, आकडा जुळत नाही, नियमात बसत नाही. डॉक्टरीणबाई पुस्तक घेऊन नेमक्या दोन्ही गाड्यांच्या वाटेत एका दगडावर बसल्या. "प्रकरण संपल्याशिवाय मी उठणार नाही," त्या म्हणाल्या. त्यांच्याविषयी मला मनापासून आपुलकी वाटली.

मी वल्हवण्याबद्दल भरपूर वाचलं आहे. पाठ ताठ हवी, ओढ खांद्यातून यावी, दोन्ही वल्ही एकाच वेळी पाण्यात जावीत. आमची होडी जागच्या जागी गोल फिरू लागली. ही समोर बसली होती आणि मी तिच्याकडे बघत होतो. कबूल केल्याप्रमाणे. तिच्या मागून क्रमाने जंगल, गाड्या, गाईड, पुन्हा जंगल असं सगळं फिरत होतं. ती हसली नाही, पण ओठांची एक कड हलली. मला तेवढं पुष्कळ होतं. आता खरोखर पुस्तकाची आठवण येत नव्हती. म्हणजे, फारशी.

तेवढ्यात काठावरून डॉक्टरीणबाईंचा आवाज आला, स्वच्छ, तळ्याच्या पार पलीकडच्या टोकापर्यंत पोचणारा.

"अहो, ऐकलंत का? खून माळ्याने केला!"

वल्ही माझ्या हातून सुटली.

"माळीच," ही म्हणाली, आणि वाकून तिने वल्ही उचलली. "मला पहिल्याच प्रकरणात संशय आला होता. फुलं तोडायला कुणी एवढी मोठी कात्री नेतं का?"

"तू... तू वाचलंस?"

"दुपारी तुम्ही पुस्तक छातीवर ठेवून झोपता, तेव्हा ते कोण वाचतं असं वाटतं तुम्हाला?" ती म्हणाली. "सरका तिकडे. मी वल्हवते."

होडी सरळ काठाकडे निघाली. काठावर गाईड बोटाने आमची डोकी मोजत होता.