मोडायचं टेबल

"बाबा, मला तीन टेबलं करून द्या," लेक म्हणाली. "मोडणारी."

मिस्त्रींनी रंधा खाली ठेवला. कानावरची पेन्सिल काढली, तिच्याकडे पाहिलं आणि पुन्हा कानावर ठेवली. चाळीस वर्षांच्या धंद्यात लोकांनी त्यांच्याकडे घडीची टेबलं मागितली होती, चाकांची मागितली होती, एका वकिलाने तर चोरकप्प्याचं मागितलं होतं. पण मोडणारं टेबल मागायला पोटची पोरच उगवावी लागली.

"मोडणारी टेबलं बाजारात ढिगाने मिळतात. त्यासाठी माझ्याकडे कशाला आलीस?"

"बाजारची टेबलं कुठेही मोडतात, बाबा. गेल्या महिन्यात एकाचा खिळा त्याच्या पाठीत घुसला. चार टाके पडले."

'त्याच्या' म्हणजे जावईबापूंच्या. जावईबापू दिवसभर ग्रंथालयात बसून पुस्तकांवर शिक्के मारायचे आणि इतकं हळू बोलायचे, की जेवताना त्यांनी मीठ मागितलेलं सासूबाईंना दुसऱ्या घासाला कळायचं. लग्न ठरताना त्यांनी "शनिवारी थोडा व्यायाम करतो" एवढंच सांगितलं होतं. तो व्यायाम काय आहे ते अक्षता पडल्यावर उघड झालं. तोंडावर मुखवटा चढवून ते 'कवटीफोड' या नावाने हार्डकोर कुस्ती खेळत. या कुस्तीचा नियम एकच, की नियम नाहीत. खुर्ची, शिडी, पत्र्याचा ट्रे, हाताला लागेल ते समोरच्याच्या टाळक्यात. मिस्त्री एकदाच बघायला गेले होते आणि मध्येच उठून आले होते. माणसांचं त्यांना काही वाटलं नाही, माणसं आपल्या मर्जीची मुखत्यार होती. बिचाऱ्या खुर्च्यांनी काय पाप केलं होतं?

"या शनिवारी शेवटची कुस्ती त्याची आहे," लेक सांगू लागली. "बुलडोझर नावाचा गडी त्याला उचलून टेबलावर आपटणार, टेबलाचे दोन तुकडे होणार, असं ठरलंय. नीट झालं तर मॅनेजर त्याला कुस्तीच्या कंपनीत कायम घेणार. फसलं तर बूट-मुखवटा परत करून घरी. सहा वर्षं वाट बघतोय तो. आणि टेबल तुमच्या हातचं असलं ना, की मला त्याच्या पाठीची काळजी नाही."

या शेवटच्या वाक्याने मिस्त्री विरघळले. बाप माणूस, किती ताणून धरणार?

आठवडाभर त्यांनी दुकानाचं शटर अर्धं ओढून काम केलं. पातळ प्लायवूड, खालच्या बाजूने करवतीची अर्धी चीर, पायांना डिंकाचे दोन-दोन थेंब, खिळा एकही नाही. कोणी गिऱ्हाईक आलं की ते टेबलांवर चादर टाकत. एकदा शेजारचा शिंपी डोकावला आणि म्हणाला, "हे काय करताय, मिस्त्री?" तर मिस्त्रींनी "कुठे काय? काहीच नाही," असं उत्तर दिलं आणि कानाच्या पाळ्यांपर्यंत लाल झाले.

घरी मात्र वेगळीच गंमत होती. दिवसभर लोकांची दारं-खिडक्या ताठ करणाऱ्या या माणसाच्या घरात एक वस्तू सरळ उभी असेल तर शपथ. सगळं सामान दुकानात उरलेल्या तुकड्यांचं, घाईघाईत ठोकलेलं. कपाटाचं दार सुतळीने बांधलेलं, पलंगाखाली दोन विटा, आणि बाहेरच्या खोलीतली खुर्ची तर गेली अकरा वर्षं एका पायाखाली पुठ्ठ्याची घडी घेऊन डुगडुगत होती.

"अहो, ती खुर्ची," बायको रोज म्हणायची.

"उद्या करतो," मिस्त्री रोज म्हणायचे. दिव्याखाली अंधार म्हणतात तो काही उगाच नाही.

शनिवारी संध्याकाळी हॉल खचाखच भरला. मिस्त्री, बायको आणि लेक अगदी पुढच्या रांगेत. पहिल्या कुस्तीत एका दाढीवाल्याने एका बिनदाढीवाल्याला पहिल्या टेबलावर आदळलं. टेबल बरोब्बर मधोमध मोडलं, पाय चार बाजूंना अलगद पसरले, आणि बिनदाढीवाला दुसऱ्या क्षणाला कपडे झटकत उभा राहिला. हॉलमध्ये एकच गोंगाट झाला. लांबून मॅनेजरने मिस्त्रींना अंगठा दाखवला. लेकीने बापाचा हात दाबला. मिस्त्रींचे डोळे मिटलेले होते.

"झालं का?" त्यांनी विचारलं.

"झालं. छान झालं," बायको म्हणाली. "उघडा डोळे."

दुसऱ्या कुस्तीत दुसरं टेबलही असंच सुखाने गेलं. सगळं सुरळीत चाललं होतं, आणि तसंच चाललंही असतं. पण मागच्या रांगेत एक टकले गृहस्थ चणे खात बसले होते. ते शेजाऱ्याला म्हणाले, "काय फडतूस टेबल आहे हो! फुंकर मारली तरी पडेल. कुठल्या गाढवाने बनवलंय कोण जाणे!"

मिस्त्रींच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ते तावातावाने मागे वळले. सांगणार तरी काय? गाढव पुढच्याच रांगेत बसलंय म्हणून?

मध्यंतर झालं. "जरा पाय मोकळे करून येतो," असं म्हणून ते उठले. पाय त्यांना थेट रिंगणामागच्या खोलीत घेऊन गेले. तिथे तिसरं टेबल एकटंच उभं होतं. मिस्त्रींनी त्याला नुसतं बोट लावलं. ते डुगडुगलं.

आता देवाशपथ सांगायचं तर मिस्त्रींच्या मनात काही नव्हतं. त्यांना वाटलं, हे रिंगणात नेतानाच कोसळलं तर पोरीची फजिती होईल, तेव्हा एक पट्टी मारू. एकच. हत्यारांची पिशवी खांद्यावर होतीच, ती लग्नकार्यातही असायची. पट्टी मारली. मग समोरची बाजू लंगडी दिसायला लागली, म्हणून तिकडेही मारली. पायांना दोन-दोन स्क्रू दिले. खालची करवतीची चीर तर जखमेसारखी डोळ्यांना खुपत होती. तिच्यात डिंक भरला आणि आडवी फळी ठोकून टाकली. हात चालत होते, मिस्त्री गुणगुणत होते. शेवटी त्यांनी टेबल दोन्ही हातांनी धरून गदागदा हलवलं. टेबल तसूभर हललं नाही. आठवड्यात पहिल्यांदा त्यांनी मोकळा श्वास घेतला.

आणि मग आपण काय करून बसलो ते त्यांच्या ध्यानात आलं.

त्यांनी स्क्रू काढायला पेचकस पुन्हा हातात घेईपर्यंत घंटा झाली. दोन हमाल आत आले आणि टेबल उचलायला लागले.

"थांबा, थांबा! हे न्यायचं नाही!"

"काका, बाजूला व्हा. बाप रे, हे भलतंच जड आहे!"

"म्हणूनच सांगतोय!"

कोणी ऐकलं नाही. मिस्त्री धावतपळत जागेवर आले तेव्हा जावईबापू मुखवटा घालून रिंगणात उतरले होते आणि समोर बुलडोझर दंड थोपटत होता.

"एवढा घाम का फुटलाय?" बायकोने विचारलं.

"टेबल मोडणार नाही," मिस्त्री कसेबसे म्हणाले.

"मग चांगलंच आहे की!" बायको म्हणाली. लेकीचा चेहरा मात्र पांढराफटक पडला.

पुढचं सगळं त्यांच्या डोळ्यांदेखत घडलं. ट्रे वाजले, शिडी वाजली, आणि मग बुलडोझरने जावईबापूंना डोक्यावर उचलून टेबलावर आपटलं. धप्प! टेबल जागच्या जागी. जावईबापू त्यावर पोळपाटावर आपटलेल्या कणकेच्या गोळ्यासारखे पडून राहिले. पुढच्या रांगेत दोघांचं बोलणं स्पष्ट ऐकू येत होतं.

"मोडलं का हो?" जावईबापूंनी हळूच विचारलं.

"नाही," बुलडोझर खजील होऊन म्हणाला. "फार लागलं का?"

"चालायचंच. परत टाका."

परत टाकलं. धप्प! तिसऱ्यांदा टाकलं. आता लोक हसायला लागले. बुलडोझरला घाम फुटला. तो शिडीवर चढला आणि स्वतःच हवेत झेपावला. जावईबापूंनी जिवाच्या आकांताने अंग सरकवलं, आणि तो दीडशे किलोंचा गडी पोटावर टेबलावर आला. हॉलची खिडकी थरथरली. टेबल नाही थरथरलं. बुलडोझर सावकाश घसरत खाली गेला आणि डोळे पांढरे करून पडला. शेजारी जावईबापू पाठ धरून बसले, आणि मग आडवे झाले.

"टेबल! टेबल!" मागून कोणीतरी ओरडलं. बघता बघता अख्खा हॉल ओरडायला लागला. मिस्त्रींची बायको खुर्चीवर उभी राहिली. "आमच्या ह्यांनी केलंय!" ती ओरडली. मिस्त्रींनी तिला खाली ओढायचा प्रयत्न केला, पण छाती इंचभर फुगलीच. खोटं कशाला बोला?

पंचाने दहा आकडे मोजले. दोघांतलं कोणी उठलं नाही. पंच नियमाचा पक्का माणूस, त्याने रिंगणात उभं कोण आहे ते पाहिलं, टेबलाकडे गेला, त्याचा एक पाय उचलून धरला आणि टेबलाला विजयी घोषित केलं.

मागचे टकले गृहस्थ पुढे वाकले. "तुमचं दुकान कुठे आहे हो? घरी जेवायला असंच एक हवंय."

मिस्त्रींना उत्तर द्यायला वेळ मिळाला नाही. समोर मॅनेजर उभा होता. "पोस्टरवर छापलं होतं मी, 'टेबलाचे तुकडे!' म्हणून," तो दातओठ खात म्हणाला. "लोक माझ्या पहिलवानांना हसले. उद्या सकाळी येतो तुमच्याकडे. तुमच्या जावयाचा मुखवटा काढून ठेवा."

रात्री जावईबापूंना धरून मिस्त्रींच्याच घरी आणलं. सकाळी जावईबापू सासऱ्यांच्या पलंगावर पालथे पडून होते आणि लेक त्यांची पाठ शेकत होती. "बाबांना काही बोलू नकोस," असं ते उशीत म्हणत होते. ते ऐकून मिस्त्रींना जास्तच मेल्याहून मेल्यासारखं झालं. यापेक्षा पोरीने चार शब्द सुनावले असते तर बरं.

मॅनेजर नऊच्या ठोक्याला आला. मिस्त्री हात जोडून पुढे झाले.

"साहेब, चूक माझी आहे. पोराचा काही दोष नाही. टेबल मी मोडायचंच केलं होतं, पण हातांनी दगा दिला. चाळीस वर्षांत मला मोडकं काम कधी जमलंच नाही. त्याची सहा वर्षांची मेहनत माझ्यापायी पाण्यात घालू नका."

शेकायचं सोडून लेक आतल्या खोलीच्या दारात आली.

"मिस्त्री, तुमचा हात सोन्याचा असेल," मॅनेजर म्हणाला. "पण मला सोनं नको. मला मोडणारं लागतं, आणि मोडताना माणसाला न लागणारं. ते तुम्हाला भरवशाने जमत नाही, आणि त्याच्याशिवाय जावयाला घेऊन मी करू काय?" असं म्हणून तो वैतागून खुर्चीत धाडकन बसला.

"अहो, त्या खुर्चीत नका—" बायको ओरडली.

उशीर झाला होता. आधी खुर्चीची पाठ मागे गेली, मग हात दोन्हीकडे उघडले, मग चारही पाय चार दिशांना गेले, आणि या सगळ्याच्या मधोमध मॅनेजर उशीसकट जमिनीवर अलगद टेकला. आवाज मात्र असा झाला, की शेजारपाजारचे धावत बाहेर आले.

 आता संपलंच, मिस्त्रींना वाटलं.

मॅनेजरने हात चाचपले, पाय चाचपले, मान फिरवून बघितली. कुठे ओरखडासुद्धा नव्हता. त्याने खुर्चीची एक फळी उचलली आणि तिचा सांधा बराच वेळ न्याहाळला.

"ही कोणी केली?"

मिस्त्री पसरलेल्या फळ्या गोळा करायला वाकले.

"ह्यांनीच," बायको म्हणाली. "अकरा वर्षं झाली, उद्या नीट करतो म्हणतायत."

मॅनेजर उठला. आतल्या खोलीच्या दारात गेला आणि जावईबापूंना म्हणाला, "मुखवटा असू दे तुझ्याकडे. पुढच्या शनिवारी लागेल." मग तो बायकोकडे वळला आणि एकदम आदराने बोलायला लागला. "वहिनी, अशा आणखी वस्तू आहेत का हो घरात?"

तीस वर्षांच्या संसारात मिस्त्रींच्या बायकोचा चेहरा असा उजळलेला कोणी पाहिला नव्हता. तिने कपाटाच्या दाराची सुतळी सोडायला घेतली.

"या ना आत," ती म्हणाली. "जरा जपून, तेवढं कशाला टेकू नका."