वळचणीचा पेला

निबिया खेड्यात जातिभेद नव्हता. ठाकूर हरिहर बक्श सिंह यांच्या दालनात जो येईल त्याला चहा मिळत असे, आणि सगळ्यांचा चहा एकाच पातेल्यात उकळलेला असे, याची ग्वाही ठकुराइन स्वतः देत. पेले तेवढे दोन प्रकारचे होते. एका प्रकारचे अठरा पेले फडताळात असत. दुसऱ्या प्रकारचा एकच होता. काचेचा, काठाला टवका उडालेला. तो गोठ्याच्या वळचणीला खोचलेला असे. ठाकुरांचा गोठा झाडणारी, पासी टोल्यातली म्हणजे गावाबाहेरच्या दलित वस्तीतली बतसिया त्यातून चहा प्यायची, आपणच तो विसळायची आणि टाचा उंचावून जागच्या जागी खोचून ठेवायची.

बतसियाची मुलगी शिवकली दहा वर्षांची असताना तिनं एकदा तो पेला विसळून फडताळात, इतर पेल्यांच्या रांगेत ठेवला. तिला वाटलं, मदत केली. ठाकुरांनी अठराच्या अठरा पेले तळ्यात फेकले, बतसियाच्या कानशिलात दिली आणि बाजारातून नवे अठरा आणवले. टवका उडालेला पेला मात्र फेकला नाही. तो अजून चालण्यासारखा होता.

"अम्मा, एक दिवस तुला चांगल्या पेल्यातून चहा पाजीन," घरी येताना शिवकली म्हणाली. "सगळे पितात त्यातूनच."

"पाज हो," बतसिया गालावर पदर धरून म्हणाली. "तोवर कुठल्या फडताळाला हात लावू नकोस."

शिवकली बारावी झाली, त्यानंतर काही वर्षांनी गावचं प्रधानपद, म्हणजे आपल्याकडचं सरपंचपद, दलित स्त्रीसाठी राखीव झालं. ठाकुरांची राज्यघटनेबद्दल काही तक्रार नव्हती; उमेदवार त्यांनी ठरवावा, एवढीच त्यांची अपेक्षा होती. "आपल्या बतसियाची पोर आहे, शिकलेली आहे, सही वळणदार करते," असं सांगून त्यांनी शिवकलीला निवडून आणलं. रिवाज असा होता की प्रधानबाईंनी सह्या कराव्यात आणि शिक्का ठाकुरांच्या मुनशीकडे असावा. शिवकलीनं पहिल्याच आठवड्यात शिक्का घरी नेला. आपण हात दाखवून अवलक्षण केलं, हे ठाकुरांच्या ध्यानात आलं, पण ते मुत्सद्दी होते. त्यांनी प्रधानबाईंना चहाला बोलावलं.

दालनात खुर्ची मिळाली. चहा आला. पेला स्टीलचा होता, कोरा करकरीत, आणि त्यावर नाव घातलेलं होतं : श्रीमती शिवकली देवी, प्रधान.

"हा फक्त तुमचा, प्रधानजी," ठाकूर म्हणाले. "दुसऱ्या कुणी याला हातसुद्धा लावायचा नाही, असं घरात बजावून ठेवलंय."

शिवकलीनं तहसिलीत तक्रार केली. चौकशी अधिकारी आले, त्यांनी सर्व पेले मोजले, तोलले आणि अकरा पानी अहवाल दिला. 'तक्रारदार यांचा पेला इतर ग्रामस्थांच्या पेल्यांपेक्षा नवा, जड व नामांकित असल्याचे आढळून आले. सबब, भेदभाव झालाच असल्यास तो इतर ग्रामस्थांशी झाला आहे.' असा भेदभाव आपण का करून घेतला, याचा खुलासा सात दिवसांत करावा, असं पत्र शिवकलीला आलं.

खुलासा तिनं बाजारच्या दिवशी चौकात केला. आईचा टवका उडालेला पेला तिनं हातात उंच धरला आणि फक्त विचारलं, "हा कुणी कुणी ओळखला?" तीन हजार माणसांनी हात वर केले, कारण प्रत्येकाच्या घरचं कुणी ना कुणी तसल्याच पेल्यातून प्यायलं होतं. पुढच्या निवडणुकीत तिनं कप-बशी हे चिन्ह मागून घेतलं आणि एकतीस हजार मतांनी आमदार झाली. खोटं कशाला बोला, तिनं कामंही केली. जमिनीचे पट्टे मिळवून दिले, पासी टोल्यात रस्ता नेला, पोलिसांना तक्रार लिहून घ्यायला लावली. पासी टोल्यातल्या म्हाताऱ्या तिचं नाव काढलं की अजून डोळे पुसतात, आणि ते अश्रू खरे आहेत.

ती आमदार झाल्यावर ठाकुरांनी तिच्यासाठी सोनेरी काठाचा चिनी मातीचा कप आणला. तो काचेच्या कपाटात, कुलपात राहू लागला. ती मंत्री झाली तेव्हा ठाकूर तिच्या पक्षात आले आणि जिल्हाध्यक्ष झाले. राजधानीतल्या बंगल्यावर ते आले की पाहुण्यांच्या चहाच्या सेटमधूनच चहा घेत. त्यांना वेगळा कप कधीही दिला गेला नाही. शिवकलीला भेदभाव खपत नसे.

मंत्रिपदाच्या दुसऱ्या वर्षी तिनं आयुष्याचं काम हाती घेतलं : वेगळा पेला निर्मूलन अभियान. प्रत्येक घरात अर्ज गेला. 'आपल्या घरात कुणासाठी वेगळा पेला, कप अथवा तत्सम पात्र ठेवले जाते काय?' जिल्ह्यामागून जिल्ह्याचे अहवाल येऊ लागले. निरंक. निरंक. निरंक. इतक्या थोड्या काळात इतकं जुनं पाप इतकं साफ धुऊन निघाल्याचं दुसरं उदाहरण नाही, असं सचिवांनी टिपणीत लिहिलं. शेवटी एकच घर उरलं, मंत्र्यांचं स्वतःचं. तो अर्ज घेऊन सचिव बंगल्यावर आले, त्या दुपारी ठाकूरही दिवाणखान्यात बसले होते.

आणि त्याच दुपारी बतसिया न कळवता बसनं आली. मुलीच्या बंगल्यावर ती पहिल्यांदाच येत होती. फडक्यात सत्तूचं पीठ आणि गूळ बांधलेला होता. पुढच्या दारावरच्या शिपायानं तिच्या लुगड्याकडे पाहून तिला मागच्या दारानं जायला सांगितलं. मागच्या दारी स्वयंपाकी मिसिरजी भले माणूस होते. बाई उन्हातून आलीय म्हणून त्यांनी आधी तिला बसवलं, मग खिडकीबाहेरच्या पट्टीवर उपडा घातलेला पेला उचलला आणि आलं घातलेला गरम चहा तिच्या पुढ्यात ठेवला.

शिवकली पाणी प्यायला म्हणून आत आली. मागच्या नळावर एक म्हातारी पाठमोरी पेला विसळत होती. विसळून झाल्यावर तिनं टाचा उंचावल्या आणि पेला पट्टीवर बरोबर जागच्या जागी उपडा घातला. त्या टाचा शिवकलीनं ओळखल्या.

"अम्मा, या पेल्यात तुला चहा कुणी दिला?"

"तुझ्या मिसिरजींनी. बरा करतात. आलं जरा जास्त पडलं."

"मॅडम, माझी चूक झाली," मिसिरजी हात जोडून म्हणाले. "या आपल्या मातोश्री, हे मला कुठून कळणार? मला वाटलं, कुणी कामाला आलीय. हा बिटानीचा पेला आहे."

बिटानी बंगल्यातले संडास धुवायची. पासी टोल्यातली माणसंही ज्यांच्या हातचं पाणी घेत नाहीत, अशा वस्तीतली होती ती. आत्ताही ती बादली घेऊन मोरीच्या दारात उभी होती आणि आपला पेला ओला कसा, ते बघत होती.

शिवकलीचा आवाज चढला. "माझ्या आईला तुम्ही त्या पेल्यात चहा दिलात?"

बतसियानं पदराला हात पुसले. "मग कुणाच्या आईला द्यायचा असतो त्यात?"

दहा वर्षांची असताना जे केलं होतं, तेच करायला शिवकलीचा हात पट्टीकडे गेलासुद्धा. फडताळ दोनच पावलांवर होतं. तेवढ्यात सचिव कागद घेऊन दारात आले.

"मॅडम, आपल्या बंगल्याचं तेवढं राहिलंय. निरंक लिहू ना? पत्रकार चारला येतायत."

शिवकलीचा हात परत आला. बिटानीकडे पाहून ती म्हणाली, "लिहा." आणि मिसिरजींकडे वळली. "हा पेला आजच्या आज फेकून द्या. बिटानीसाठी नवा आणा. स्टीलचा, चांगला जड बघून. आणि त्यावर तिचं नाव घालून घ्या."

दिवाणखान्यातून ठाकुरांचा खणखणीत आवाज आला, "वा, मंत्रीजी. गरिबाचा मान राखावा तर असा."

बतसियानं सत्तूचं फडकं ओट्यावर ठेवलं आणि पट्टीवरचा पेला काढून आपल्या पिशवीत टाकला. "फेकू नका," ती म्हणाली. "अजून चालण्यासारखा आहे. येते मी, साडेचारची गाडी आहे."

अभियान संपूर्ण यशस्वी झालं. इतर राज्यांनीही ते जसंच्या तसं उचललं असून अर्ज लवकरच तुमच्या घरी येईल. स्वयंपाकघराच्या खिडकीत, कट्ट्याच्या टोकाला उपडा घातलेला तो कान तुटलेला कप कुणाचा, असं त्यात कुठंही विचारलेलं नाही. 'नाही' हे उत्तर छापूनच येतं, आपण फक्त खाली सही करायची. शक्यतो भांडी घासायला येणाऱ्या बाई यायच्या आत करून टाका.