तेलाचा हात

देवरूखच्या फळप्रक्रिया कंपनीत काम करणाऱ्या मनस्वीने कुयरीच्या, म्हणजे कोवळ्या फणसाच्या, भाजीची कृती चार वेळा तपासली होती. मीठ ग्रॅममध्ये, खोबरं ग्रॅममध्ये. ओसाकाच्या एका खाद्यकंपनीला जपानी घराघरांत फणस पोचवायचा होता, आणि पहिल्या पंचवीस गृहिणी ही कृती वाचून भाजी करणार होत्या. जमलं तर मनस्वीची नोकरी पक्की, नाहीतर मार्चअखेर नारळ.

शनिवारी ती घरीच होती, तेव्हा व्हिडिओ कॉल आला. तिकडची दुभाषी केइकोबाई मराठी पुण्यात शिकलेली.

"मनस्वीताई, क्षमस्व. आमचे हात सुटत नाहीत."

"कशापासून?"

"सुरीपासून. दोघींचे एकमेकींपासून."

पंचवीस बायका चिकाने बरबटून बसल्या होत्या. एकीने पुसायला घेतलेला नॅपकिन आता तिचाच झाला होता. कंपनीचे साहेब मदतीला धावले, तर त्यांचा टाय अडकला.

मनस्वीने कृती पुन्हा उघडून पाहिली. फणस कापण्याआधी हाताला तेल लावायचं, हे तिने लिहिलंच नव्हतं. कोण लिहितं? इथलं शेंबडं पोरही सांगेल!

तेवढ्यात तिच्या सासूबाई, कमळाकाकू, मागून डोकावल्या.

"तेल नाय लावलात? अगो बायांनो, एवढ्या घोड्या झालात नि आयशीन काय शिकवलान नाय? चोळा तेल आधी! आणि त्या टायवाल्या बाप्याला बाहेर काढा!"

केइकोबाईने शब्द न् शब्द जपानीत सांगितला. मनस्वीने डोळे मिटून घेतले. नोकरी गेल्यातच जमा होती.

सोमवारी मेल आली. त्या कॉलचं चित्रीकरण ओसाकात घरोघर फिरत होतं आणि दुकानातल्या कुयऱ्या संपल्या होत्या. पुढच्या शनिवारी भाजी शिकायला तीनशे बायकांनी नावं दिली होती. अट एकच: तेलाचं आधी कुणी सांगायचं नाही, आणि काकूंनी ओरडायचं.

दोन शनिवार काकू मनापासून ओरडल्या. तिसऱ्याला मात्र पदर सारखा करत म्हणाल्या, "गुणाच्या आहेत गो बाया. खाली मान घालून ऐकतात. माझ्यान नाय ओरडवत."

"आई, पाच मिनिटं उरलीत. माझी नोकरी जाईल हो!"

"रागच येत नाय, तर काय करू?"

मनस्वी रडकुंडीला आली. पडद्यावर तीनशे बायका चिकात हात घालून ताटकळत होत्या. ती काकूंकडे वळली.

"आई, हे काल म्हणत होते, कुयरीची भाजी तुमच्यापेक्षा माझ्याच हातची चांगली होते."

आणि तिने कॅमेरा चालू केला.