अँडीजची बदली

"कसली खळ लावली होती देव जाणे, निघता निघत नाही मेली," स्टुलावर चढलेली सून पुटपुटत होती. नखाने ती अँडीज पर्वताची चिठ्ठी खरवडत होती.

भिंतभर पसरलेला तो जगाचा नकाशा सासऱ्यांनी निवृत्तीनंतर केलेला. चाळीस वर्षं शाळेत भूगोल शिकवलेल्या माणसाने कागदाच्या लगद्याचे डोंगर थापले आणि प्रत्येकावर नावाची चिठ्ठी डकवली. काल जेवताना नातीने विचारलं तेव्हा ते म्हणाले, "अँडीज? आफ्रिकेत." सगळ्यांचे घास हातातच राहिले. मग मुलगा म्हणाला, "बरोबर, बाबा," आणि त्याने उगाचच मीठ मागितलं.

एकदा बरोबर म्हटल्यावर नकाशाने आडवं येऊन कसं चालेल? अँडीज आफ्रिकेत आला. तिथल्या ॲटलास पर्वताला मग रिकाम्या झालेल्या दक्षिण अमेरिकेत जावं लागलं.

"त्याला करमेल का तिकडे?" स्टूल धरून उभ्या नवऱ्याने विचारलं.

"तुम्ही गप्प बसा नि खळ द्या."

चार दिवसांनी आजोबा नातीला म्हणाले, "ॲटलास दक्षिण अमेरिकेत." स्वयंपाकघरात सुनेने डोळ्यांना पदर लावला. "वाढत चाललंय हो त्यांचं."

नातीने मात्र सगळं मन लावून पाठ केलं आणि चाचणीत तसंच लिहिलं. संध्याकाळी तिच्या बाई पेपर घेऊन दारात. त्या आजोबांच्याच जुन्या विद्यार्थिनी.

"सर, हिला शून्य देताना माझाच हात अडखळला. म्हणते, आजोबांच्या नकाशात असंच आहे."

"हवा दमट आहे ना," सून घाईने म्हणाली, "चिठ्ठ्या सुटतात. आम्ही आपल्या परत लावतो."

"दमट हवेने अँडीज समुद्र ओलांडून गेला?"

"सरकला असेल," मुलगा जमिनीकडे बघत म्हणाला.

आजोबांनी खिशातून एक छोटी वही काढली. "हल्ली रोज सकाळी मी नकाशावरून टिपून घेतो. पोरीने विचारलं तर चुकायला नको. त्या दिवशी तेवढी वही खोलीत राहिली. अँडीज चुकला हे बोलता बोलताच कळलं मला. सकाळी नकाशा बघितला, तर अँडीज खरंच आफ्रिकेत."

त्यांनी वही मिटली. बाईंकडे त्यांना बघवेना.

"तेव्हापासून झोप नाही. चाळीस वर्षं मी चुकीचंच शिकवलं की काय? तुलाही?"

बाईंनी पेपराची घडी केली, उलगडली, पुन्हा केली. सून नखात अडकलेली खळ काढत राहिली. मुलगा वडिलांच्या शेजारी येऊन बसला. वही त्याने त्यांच्या हातातून हळूच काढून घेतली.

"शिकवलंत ते सगळं बरोबर होतं, बाबा," तो म्हणाला. "तुम्ही आता विसरायला लागलायत."